हजर असून गैरहजर: एका राखीव निकालाचं प्रकरण

ती माझ्याकडं आली तेव्हा तिच्या पिशवीत अकरा कागद होते, आणि त्यातल्या एकावरही विद्यापीठाचा आवक शिक्का नव्हता. हॉल तिकीट, आधीच्या तीन सत्रांच्या गुणपत्रिका, निकालाच्या पानाची प्रिंट, हातानं लिहिलेल्या तीन अर्जांच्या झेरॉक्स. अर्ज कुणाला दिले, असं विचारल्यावर ती म्हणाली, "तिथल्या मॅडमना दिले सर. त्यांनी ट्रेमध्ये ठेवले."

मुलगी कोल्हापूर जिल्ह्यातल्या भुदरगड तालुक्यातली. ओळख पटू नये म्हणून विषय, तारखा आणि काही तपशील मी मुद्दाम हलवले आहेत. विद्यापीठाचं नाव देणार नाही. ते ओळखायच्या भानगडीतही कुणी पडू नये, कारण हे कुठल्याही विद्यापीठात होतं. एम.एस्सी. रसायनशास्त्राचं शेवटचं सत्र, शेवटचा पेपर 22 मे 2025 ला. निकाल 4 जुलैला लागला. तीन पेपरांत चांगले गुण, चौथ्यापुढं 'गैरहजर' आणि खाली शेरा: निकाल राखीव.

तिचे वडील सोबत होते. ते एवढंच म्हणाले, "वकीलसाहेब, त्या दिवशी मीच सोडलंय तिला गेटापतूर. पेपर सुटंस्तवर भाईर बसलोय."

जुलै-ऑगस्टात तिनं चार फेऱ्या मारल्या होत्या. पहिल्यांदा उत्तर मिळालं, आठवड्यात होऊन जाईल. दुसऱ्यांदा, कॉलेजचं पत्र आणा. तिसऱ्यांदा ती पत्र घेऊन गेली तर संबंधित टेबलाचा माणूस बदललेला. चौथ्यांदा, गणपतीनंतर या. कुणी वाईट बोललं नाही, हे ती दोनदा सांगत होती. यातलीच खरी अडचण तिला कळत नव्हती. गोड बोलून परत पाठवलं की माणसाला भांडल्यासारखं वाटत नाही, आणि फाइलमध्ये काही उमटतही नाही. विद्यापीठाच्या लेखी त्या चार फेऱ्या झाल्याच नव्हत्या.

घाईचं कारण वेगळंच होतं. एका सरकारी प्रयोगशाळेची भरती निघाली होती. अर्जाची शेवटची तारीख 15 सप्टेंबर, आणि पदव्युत्तर पात्रता त्या दिवशी हातात असायला हवी होती.

कागदावर उशीर झालेलाच नव्हता

महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, 2016 चं कलम 89 निकालाबद्दल आहे. परीक्षा संपल्यापासून 30 दिवसांत निकाल लावायचा प्रयत्न करायचा आणि कोणत्याही परिस्थितीत 45 दिवसांच्या आत तो लावायचाच. नाही जमलं तर विलंबाची कारणं देणारा अहवाल वर पाठवायचा. 2017 साली मुंबई विद्यापीठात उत्तरपत्रिका संगणकावर तपासायचा प्रयोग फसला आणि निकाल महिनोन्‌महिने रखडले, तेव्हा हे कलम सगळ्या वर्तमानपत्रांत आलं होतं. त्या गोंधळात अखेर कुलगुरूंना कुलपतींनी पदावरून दूर केलं.

22 मेपासून 45 दिवस 6 जुलैला भरतात. निकाल 4 जुलैला लागला, म्हणजे 43 व्या दिवशी. अभ्यासक्रमाचा निकाल वेळेत. हिचा निकाल मात्र 'राखीव', आणि राखीव निकाल किती दिवस राखून ठेवायचा याचा हिशेब कुणी मांडत नाही. विलंबाच्या अहवालात अशी मुलं येतच नाहीत. माझं म्हणणं असं होतं, आणि आजही आहे, की गुण न देता फक्त शेरा मारणं म्हणजे त्या विद्यार्थ्यापुरता निकाल लावणं नव्हे. मुदत प्रत्येकाला मोजून मिळाली पाहिजे. पण युक्तिवाद करायला आधी प्रश्न कागदावर उभा राहावा लागतो.

म्हणून पहिलं काम साधं दिलं. 28 ऑगस्टला, म्हणजे गणेश चतुर्थीच्या दुसऱ्या दिवशी, एक पानी अर्ज. परीक्षा व मूल्यमापन मंडळाच्या संचालकांच्या नावे, प्रत कुलसचिवांना. 'परीक्षा नियंत्रक' हे जुनं नाव अजून सगळ्यांच्या तोंडी आहे. 2016 च्या कायद्यात पद बदललं. अर्ज चुकीच्या पदनामानं गेला म्हणून फेटाळला जात नाही, पण एका टेबलावरून दुसऱ्यावर जाण्यात चार दिवस जातात. अर्जात दया, विनंती, भवितव्य हे शब्द नाहीत. पेपरचा कोड, दिनांक, केंद्र, बैठक क्रमांक, चूक काय, दुरुस्ती काय हवी, कोणत्या तारखेपर्यंत हवी आणि का. बारनिशीत, म्हणजे आवक-जावक विभागात, द्यायचा, दुसऱ्या प्रतीवर शिक्का आणि आवक क्रमांक घ्यायचा, तो मिळेपर्यंत खिडकी सोडायची नाही. त्याच दिवशी तोच अर्ज ईमेलनं आणि स्पीड पोस्टनं.

"सर, तेवढ्यानं होईल?" तिनं विचारलं. होणार नव्हतं. पण उच्च न्यायालयात परमादेश, म्हणजे 'हे काम करा' असा विद्यापीठाला आदेश, मागायचा तर आधी मागणी केली होती आणि ती नाकारली किंवा दाबून ठेवली, हे दाखवावं लागतं. सर्वोच्च न्यायालयानं 1974 सालीच हे स्पष्ट केलंय. तिच्या चार फेऱ्या माझ्या दृष्टीनं खऱ्या होत्या, न्यायालयाच्या दृष्टीनं त्या घडल्याच नव्हत्या.

दहा रुपयांचं तिकीट

दुसऱ्या दिवशी माहिती अधिकाराचा अर्ज. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प. महाराष्ट्रात या अर्जाला दीडशे शब्दांची मर्यादा आहे आणि एका अर्जात एकच विषय चालतो. हे माहीत नसलेली मुलं चार पानं लिहितात आणि त्यावरच अर्ज अडकतो.

आम्ही तीनच गोष्टी मागितल्या. त्या पेपरच्या त्या ब्लॉकचं हजेरीपत्रक, ज्यावर परीक्षार्थीची सही आणि उत्तरपत्रिकेचा क्रमांक असतो. पर्यवेक्षकाचा गैरहजर विद्यार्थ्यांचा अहवाल. आणि 28 ऑगस्टच्या अर्जावर झालेल्या टिपण्यांच्या प्रती. 'माझा निकाल का लागला नाही?' असं विचारलं असतं तर उत्तर आलं असतं, की कारणमीमांसा माहितीच्या व्याख्येत बसत नाही. कागद मागितला की कागद द्यावा लागतो. मुदत 30 दिवस. विनाकारण उशीर केला तर जनमाहिती अधिकाऱ्याला दिवसाला 250 रुपये, जास्तीत जास्त 25,000 रुपये दंड होऊ शकतो. रक्कम मोठी नाही, पण ती स्वतःच्या पगारातून जाते. कार्यालयात दोनच कागदांची भीती असते: लेखापरीक्षणाच्या आक्षेपाची आणि या अर्जाची.

परीक्षा केंद्र असलेलं कॉलेज अनुदानित होतं, म्हणून तिथंही वेगळा अर्ज दिला. आमच्याकडं काही नाही, सगळं विद्यापीठाला पाठवलं, असं त्यांनी आठव्या दिवशी लेखी कळवलं. हे उत्तर वाचून मुलगी रडवेली झाली. मी मात्र ते फाइलच्या अगदी वर लावलं. गठ्ठा पोचला होता, हे आता विद्यापीठाला नाकारता येणार नव्हतं.

नको असलेले रस्ते

या आठवड्यात सल्ल्यांचा पूर आला. तिच्या मामांचं म्हणणं, ग्राहक न्यायालयात जा, नुकसानभरपाई मिळते. फी घेतली, सेवा दिली नाही, म्हणजे ग्राहकच झाली की पोरगी! ऐकायला पटतं. पण परीक्षा घेणारं मंडळ काही सेवा विकत नाही आणि परीक्षार्थी हा ग्राहक नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं 2009 च्या बिहारच्या प्रकरणात म्हटलं, आणि 2010 मध्ये महर्षी दयानंद विद्यापीठाच्या प्रकरणात विद्यापीठांबाबतही तेच. राष्ट्रीय ग्राहक आयोगानंही 2020 मध्ये शिक्षणसंस्था ग्राहक कायद्याबाहेर धरल्या. तक्रार दाखल करून घेतली तरी वर्षादोनवर्षांनी दारातूनच परत. भरतीची तारीख तेवढी थांबत नाही.

एका संघटनेच्या पोरांनी मोर्चा काढायची तयारी दाखवली. त्यांच्याबद्दल मला आकस नाही. शंभर मुलांचे निकाल अडले असते तर मीच म्हणालो असतो, जा. एका उत्तरपत्रिकेसाठी घोषणा दिल्या की परीक्षा विभाग फाइल हातात घ्यायच्या ऐवजी सुरक्षारक्षक हातात घेतो.

राहता राहिला लोकसेवा हक्क अधिनियम, 2015. गुणपत्रिकेची दुसरी प्रत, स्थलांतर प्रमाणपत्र असल्या कामांना तो उत्तम, कारण ठरलेल्या मुदतीत सेवा नाही दिली तर अपील आणि 500 ते 5,000 रुपयांपर्यंतचा दंड त्यात आहे. पण ज्या सेवा त्या संस्थेनं अधिसूचित केल्या त्यांनाच तो लागतो. राखीव निकालाची दुरुस्ती त्या यादीत नव्हती. यादी वाचून आम्ही तो बाजूला ठेवला.

समिती, आणि तिची खरी मुदत

विद्यापीठ अनुदान आयोगाचे 2023 चे विद्यार्थी तक्रार निवारण विनियम आहेत. निकाल ठरलेल्या वेळापत्रकापलीकडं रखडणं आणि प्रमाणपत्रं अडवून ठेवणं, या दोन्ही गोष्टी तिथं 'तक्रार' या शब्दाच्या व्याख्येतच घातल्या आहेत. प्रत्येक संस्थेत समिती हवी, अध्यक्ष प्राध्यापक हवा, विद्यार्थी प्रतिनिधी हवा. समितीनं 15 कार्यालयीन दिवसांत अहवाल द्यायचा. समाधान नाही झालं तर 15 दिवसांत विद्यापीठानं विद्यार्थ्यांच्या तक्रारींसाठी नेमलेल्या लोकपालाकडं अपील, आणि लोकपालानं 30 दिवसांत निकाली काढायचं. लोकपालच नेमला नाही म्हणून आयोगानं जून 2024 मध्ये 157 विद्यापीठांची यादी जाहीर केली होती, तेव्हा आपल्या विद्यापीठात तो आहे का हे आधी पाहून घ्यावं.

1 सप्टेंबरला ऑनलाइन तक्रार केली. आता हा 15 दिवसांचा आकडा वाचून मुलांना वाटतं, दोन-तीन आठवड्यांत सुटलो. तसं नाही. पोर्टलवर आलेली तक्रार संस्थेनं स्वतःच्या अभिप्रायासह समितीकडं पाठवायलाच 15 दिवस आहेत. त्यानंतर समितीचे 15 कार्यालयीन दिवस. त्यात शनिवार-रविवार आणि सप्टेंबरातल्या सुट्ट्या मोजा. माझ्या हिशेबानं ऑक्टोबर उजाडणार होता. तरी तक्रार केलीच, कारण उच्च न्यायालयात पहिला प्रश्न हाच येतो: कायद्यानं दिलेला दुसरा उपाय होता, तो वापरला का?

15 सप्टेंबर

या एका दिवसावर मी सगळ्यात जास्त विचार केला, आणि ज्यांच्यावर अशी वेळ येईल त्यांनी इथं थोडं थांबून वाचावं.

ऑनलाइन फॉर्ममध्ये एक रकाना होता, पदव्युत्तर निकालाचा दिनांक. रिकामा सोडता येत नव्हता. तिची मैत्रीण म्हणाली, 4 जुलै टाक आणि मोकळी हो. पण त्या तारखेला हिचा निकाल राखीव होता. उद्या पडताळणीत कुणी म्हणालं, खोटी माहिती दिली, तर ही भरती तर जाईलच, पुढच्याही जातील.

दुसऱ्या बाजूनं कायदाही सोपा नाही. दिल्लीतल्या शिक्षक भरतीच्या एका प्रकरणात उमेदवारानं बी.एड.ची परीक्षा मुदतीआधी दिली होती, निकाल मुदतीनंतर लागला. 2013 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं, पात्रता निकालाच्या दिवशी येते, परीक्षेच्या दिवशी नाही. उमेदवार हरला. याच्या उलट 2005 चं ओडिशातल्या वैद्यकीय प्रवेशाचं प्रकरण: मुलीकडं पात्रता होती, फक्त हातातलं प्रमाणपत्र सदोष होतं, आणि चूक ते देणाऱ्या कार्यालयाची होती. तिथं न्यायालयानं मुलीला न्याय दिला. पात्रता असणं ही एक गोष्ट, तिचा पुरावा उशिरा हातात येणं ही वेगळी गोष्ट.

आमची मुलगी या दोघांच्या मधे कुठं पडते, ते एकाच गोष्टीवर ठरणार होतं. दुरुस्त गुणपत्रिकेवर कोणती तारीख छापतात? नवी तारीख आली तर ती 2013 च्या उमेदवारासारखी. 4 जुलै आली तर ओडिशाच्या मुलीसारखी. निकाल मिळवणं हे अर्धंच काम होतं.

शेवटी तिनं 4 जुलै भरलं, कारण अभ्यासक्रमाचा निकाल त्या दिवशीच लागला होता. पण त्याच संध्याकाळी भरती करणाऱ्या कार्यालयाला ईमेल केला: एका पेपरमध्ये चुकीनं गैरहजर दाखवलं आहे, दुरुस्तीचा अर्ज अमुक आवक क्रमांकानं प्रलंबित आहे, गुणपत्रिका पडताळणीच्या वेळी सादर करेन. पोच आली. लपवलं नाही, हे दाखवणारा तो एक कागद मला याचिकेपेक्षाही मोलाचा वाटतो.

गठ्ठा सापडला

24 सप्टेंबरला माहिती अधिकाराचं उत्तर आलं. हजेरीपत्रकावर तिची सही होती, शेजारी उत्तरपत्रिकेचा क्रमांक. टिपणीत लिहिलं होतं, सदर उत्तरपत्रिका दुसऱ्या विषयाच्या गठ्ठ्यात आढळून आली. ही टिपणी आमच्या 28 ऑगस्टच्या अर्जानंतरची होती. मे महिन्यापासून त्या अर्जापर्यंत कुणी शोधलंच नव्हतं, कारण शोधा असं सांगणारा क्रमांक असलेला एकही कागद त्या कार्यालयात नव्हता.

दोन दिवसांत पेपर तपासला गेला आणि 26 तारखेला दुरुस्त गुणपत्रिका मिळाली. 71 गुण. वडिलांनी पेढे आणले. मी गुणपत्रिका उलटसुलट पाहिली. खाली निकाल दिनांक: 26 सप्टेंबर 2025.

मी पेढा हातात घेतला, खाल्ला नाही. त्यांना वाटलं मला मधुमेह आहे.

विद्यापीठाचं म्हणणं असं, की संगणक प्रणाली दुरुस्तीच्या दिवसाचीच तारीख घेते आणि मूळ तारीख टाकायची तरतूद नियमात नाही. अशी तारीख टाकू नये, असाही नियम दाखवा, असं आम्ही लेखी विचारलं. उत्तर आलं नाही. दसरा 2 ऑक्टोबरला होता. त्यानंतरच्या आठवड्यात समितीची सुनावणी लागली. समितीला वाटत होतं, गुणपत्रिका दिली म्हणजे तक्रार संपली. तिनं स्वतःच बाजू मांडली, मी बाहेर बसलो होतो. बाहेर येऊन तिनं सांगितलं की ती एवढंच म्हणाली, "सर, चूक मेमध्ये झाली, तारीख सप्टेंबरची आली. मधले महिने माझ्या नावावर का?" समितीनं मूळ निकाल दिनांक कायम ठेवून गुणपत्रिका द्यावी, अशी शिफारस केली. लोकपालाकडं जायची गरजच उरली नाही. पण शिफारस परीक्षा विभागात गेली आणि पुन्हा तेच ऐकू आलं: मंडळाच्या पुढच्या बैठकीपुढं ठेवू.

सीपीआरसमोर

इथं कोल्हापूरकर म्हणून एक गोष्ट सांगायलाच हवी. दोन वर्षांपूर्वी हेच प्रकरण आलं असतं तर मी बहुधा तिला म्हणालो असतो, पाहू, थोडी वाट बघू. याचिका म्हणजे मुंबई. रात्रीची महालक्ष्मी एक्स्प्रेस, सकाळी फोर्टातलं उच्च न्यायालय, नंबर लागला नाही तर पुन्हा रात्रीची महालक्ष्मी, शिवाय तिथल्या वकिलाची वेगळी फी. शेतकऱ्याच्या घरात एका गुणपत्रिकेसाठी हे परवडत नाही. विद्यापीठांच्या कायदा विभागालाही ते पक्कं ठाऊक असतं.

कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांतल्या वकिलांनी चाळीसहून जास्त वर्षं मागणी लावून धरली आणि 17 ऑगस्ट 2025 ला मुंबई उच्च न्यायालयाच्या कोल्हापुरातल्या सर्किट बेंचचं, म्हणजे फिरत्या खंडपीठाचं, उद्घाटन तेव्हाचे सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या हस्ते झालं. दुसऱ्या दिवसापासून सीपीआर रुग्णालयासमोरच्या जुन्या जिल्हा न्यायालयाच्या इमारतीत काम सुरू झालं. ही मुलगी माझ्याकडं आली त्याच्या आधी जेमतेम दहा दिवस. सकाळच्या एसटीनं येऊन ती प्रतिज्ञापत्रावर सही करून दुपारी गावी परत जाऊ शकत होती.

संविधानाच्या अनुच्छेद 226 खाली याचिका तयार केली. मागण्या दोनच: समितीच्या शिफारशीवर ठराविक दिवसांत निर्णय, आणि गुणपत्रिकेवर 4 जुलै हाच निकाल दिनांक. नुकसानभरपाई मागितली नाही. मामा नाराज झाले. पण भरपाईची मागणी आली की समोरचा उत्तर द्यायला चार आठवडे मागतो आणि ते मिळतातही. आम्हाला दिवाळीच्या सुट्टीआधी बोर्डावर लागायचं होतं. 14 ऑक्टोबरला याचिकेची प्रत, सगळ्या आवक क्रमांकांची तारीखवार यादी आणि तातडीच्या सुनावणीसाठी देणार असलेल्या प्रेसिपीची (विनंतीपत्राची) प्रत विद्यापीठाच्या वकिलांना दिली. ते जुने स्नेही. यादीवरून बोट फिरवत म्हणाले, "याच्यात मी काय बोलू सांगा?"

17 तारखेला, वसुबारसेच्या दिवशी, नवी गुणपत्रिका आली. निकाल दिनांक 4 जुलै 2025, खाली बारीक अक्षरात दुरुस्त प्रत दिल्याची तारीख. याचिका दाखल करावी लागली नाही. तिचे तीन संच अजून माझ्या कपाटात आहेत.

फीबद्दल एक सांगायचं राहिलं. विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम 12 प्रमाणे स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. कसबा बावड्यातल्या न्यायसंकुलात जिल्हा प्राधिकरणाचं कार्यालय आहे. मी हे पहिल्याच दिवशी तिच्या वडिलांना सांगितलं होतं. ते म्हणाले, "फुकटचं नगो. तुमचं काय असंल ते घ्या." मग गूळ आला, दोन ढेपा.

भरतीची कागदपत्र पडताळणी अजून व्हायची आहे. गेल्या आठवड्यात तिचा फोन आला, वेगळ्याच कामासाठी. पदवी देण्याबद्दल विद्यापीठ अनुदान आयोगाचा 2008 चा विनियम आहे, विद्यार्थी पात्र ठरल्यापासून 180 दिवसांत पदवी द्यायची. हे मी तिला कधीतरी बोलता बोलता सांगितलं असेन. तिनं 4 जुलैपासून बोटावर दिवस मोजले होते.

"31 डिसेंबरला भरतात सर. अर्ज आजच देऊन आले."

मी काही विचारायच्या आत तिनं आवक क्रमांक वाचून दाखवला.